एका शिलिंगाचं जहाज

४ जुलै १९४६ या दिवशी अमेरिकेत ईरी सरोवराच्या काठी, पोर्ट क्लिंटन गावाजवळ, एक जुनं लाकडी जहाज जळून गेलं. त्याचं नाव ‘सक्सेस’. जवळजवळ अर्धं शतक हे जहाज बंदरोबंदरी नेऊन तिकीट लावून दाखवलं जात होतं. जाहिरातीत म्हटलेलं असायचं, ब्रिटिशांचं कैदी-जहाज, सन १७९०. आत अंधाऱ्या कोठड्यांमध्ये मेणाचे कैदी बसवलेले, भिंतींवर बेड्या आणि चाबूक टांगलेले, शिवाय माणसाला आत कोंडण्याची खिळ्यांची लोखंडी पेटी. इंग्लंडात आणि अमेरिकेत लोकांनी रांगा लावून ते पाहिलं.

त्यातलं बरंचसं थापेबाजीचं होतं. ‘सक्सेस’ १८४० साली ब्रह्मदेशात बांधलेलं. इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला त्यानं कधी कैदी नेलेच नाहीत. १८५२ मध्ये ते मेलबर्नला पोचलं तेव्हा तिथे सोन्याची लाट होती. खलाशी जहाज सोडून खाणींकडे पळाले, जहाज बंदरातच अडकलं, आणि तुरुंग अपुरे पडलेल्या तिथल्या सरकारनं ते विकत घेऊन त्याचा तरंगता तुरुंग केला. कैद्यांशी त्याचा काय तो संबंध एवढाच.

‘सक्सेस’ जळत होतं त्या वेळी न्यूझीलंडच्या दक्षिण बेटावर, पिक्टनच्या बंदरात, दुसरं एक जुनं लाकडी जहाज धक्क्याला बांधलेलं होतं. डोलकाठ्या नाहीत, शिडं नाहीत, पोटात दगडी कोळसा. या जहाजानं खरोखरच कैदी नेले होते, २८० जण. पण त्याला बघायला कोणी तिकीट काढत नव्हतं. नाव ‘एडविन फॉक्स’.

या जहाजाचा जन्म आपल्याकडचा. कलकत्त्यासमोर, हुगळीच्या पलीकडच्या काठाला, हावड्याच्या बाजूला सालकिया म्हणून भाग आहे. तिथल्या गोदीत १८५३ साली ते बांधलं गेलं. त्याच वर्षीच्या एप्रिलात बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी सुटली होती. वाफेचं युग दाराशी आलं होतं आणि सालकियाचे सुतार अजून शिडाच्या जहाजाच्या फासळ्या उभ्या करत होते. त्यांना वेडं म्हणायचं कारण नाही. वाफेच्या बोटींना अजून कोळसा फार लागायचा. लांबच्या प्रवासात निम्मं पोट कोळशानंच भरलं तर माल ठेवायचा कुठे? वारा मात्र फुकट होता.

लाकूड ब्रह्मी साग आणि हिंदुस्थानातला साल. सागाची कीर्ती तोवर जगभर झालेली होती. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्याच्या हातून तयार झालेली सागवानी जहाजं ब्रिटिश आरमारात होती. त्यांतलं १८१७ सालचं ‘ट्रिंकोमाली’ इंग्लंडात हार्टलपूलला आजही पाण्यावर तरंगतंय. इंग्लंडातली जहाजं ओकची. ओकच्या लाकडात आम्ल असतं, त्यात ठोकलेला लोखंडी खिळा हळूहळू गंजतो आणि सांधा ढिला पडतो. सागाच्या अंगात तेल असतं. ते लाकडालाही राखतं आणि खिळ्यालाही. त्यामुळे ओकचं जहाज म्हातारं होऊन मोडीत निघायचं त्या वयात सागवानी जहाज अजून कामावर असायचं. ‘एडविन फॉक्स’ टिकलं ते मोठ्या भाग्यानं वगैरे नव्हे, आधी या लाकडानं.

आकारानं ते काही देखणं किंवा भव्य नव्हतं. लांबी सुमारे १५७ फूट, रुंदी ३० फुटांना थोडी कमी, भार ८३६ टन. चार एसटी बस एकापाठोपाठ उभ्या केल्या की साधारण तेवढी लांबी होते. नाळ बोथट, पोट मोठं. चहा घेऊन लंडनला शर्यत लावणाऱ्या चपळ क्लिपर जहाजांच्या पंक्तीत त्याला कोणी बसवलं नसतं. मालवाहू बैलच तो. साउथॅम्प्टनच्या एका क्वेकरपंथी गृहस्थावरून त्याचं नाव ठेवलं असं सांगतात.

केप ऑफ गुड होपला वळसा घालून ते पहिल्यांदा लंडनला पोचलं तेव्हा रशियाशी क्रिमियाचं युद्ध पेटलं होतं. सैन्य, घोडे, तोफा, दाणागोटा, सगळं समुद्रावरून न्यायचं, तेव्हा सरकार मिळेल ते जहाज भाड्यानं घेत होतं. जहाजांचे भाव कडाडले. डंकन डनबर नावाच्या लंडनच्या बड्या जहाजमालकानं १८५४ मध्ये ‘एडविन फॉक्स’ ३०,००० पौंडांना घेतलं. त्या आकाराच्या जहाजाला ही विक्रमी किंमत. डनबरला हिशेब चांगला कळत होता. त्यानं जहाज घेतलं आणि सरकारलाच भाड्यानं दिलं. त्याच उन्हाळ्यात सुमारे पाचशे फ्रेंच सैनिक घेऊन ते बाल्टिक समुद्रात बोमारसुंडच्या रशियन किल्ल्याकडे निघालं. ऑगस्टमध्ये किल्ला पडला. पुढच्या वर्षी ते काळ्या समुद्राच्या फेऱ्या करत होतं.

युद्ध संपलं तशी सरकारी भाड्याची चैनही संपली. १८५६ मध्ये ‘एडविन फॉक्स’ प्रवासी आणि माल घेऊन मेलबर्नला गेलं आणि तिथून चीनच्या बंदरांकडे. या टप्प्यावर त्याच्या पोटात जो माल भरला गेला त्याबद्दल इंग्रजी मालकांना पुढे फारसं बोलायला आवडलं नसावं. क्यूबातल्या उसाच्या मळ्यांना मजूर हवे होते. तिथे आफ्रिकी गुलाम राबत होते, पण नवे आणणं अवघड होत चाललं होतं. म्हणून १८४७ पासून चिनी माणसं आठ वर्षांच्या करारावर नेली जाऊ लागली. करार कागदावर, अनेकांना फसवून, काहींना पळवून आणलेलं. १८७४ मध्ये हा धंदा थांबेपर्यंत सुमारे सव्वा लाख चिनी मजूर क्यूबाला नेले गेले, आणि हजारो जण वाटेतच मेले. ‘एडविन फॉक्स’नं अशीच एक खेप हवानाला पोचवली. ज्या देशानं आपल्या वसाहतींतली गुलामगिरी वीस-पंचवीस वर्षांपूर्वी कायद्यानं बंद केली होती, त्या देशाच्या निशाणाखालचं हे जहाज.

या हवानाच्या खेपेनंतरची मोठी सरकारी खेप म्हणजे कैद्यांची. १८५८ सालची.

‘कैदी-जहाज’ म्हटलं की डोळ्यांपुढे मुद्दाम त्यासाठी बांधलेलं, काळंकुट्ट, सळ्यांच्या खिडक्यांचं काहीतरी येतं. ‘सक्सेस’च्या जाहिरातवाल्यांनी याच कल्पनेवर पोट भरलं. तसली जहाजं इंग्लंडकडे नव्हतीच. सरकार व्यापारी जहाज भाड्यानं घ्यायचं, सुतार चार-सहा आठवडे त्यावर काम करायचे, आणि मालाच्या जागी तुरुंग तयार व्हायचा. कैदी उतरले की तेच सुतारकाम उखडून पुन्हा माल भरायला जागा मोकळी. ऑस्ट्रेलियाला १७८८ ते १८६८ या ऐंशी वर्षांत सुमारे १,६२,००० कैदी गेले ते बहुतेक याच रीतीनं.

१८५८ पर्यंत ऑस्ट्रेलियातल्या जुन्या वसाहतींना कैदी नकोसे झाले होते. न्यू साउथ वेल्सला नियमित कैदी धाडणं १८४० मध्ये थांबलं, टास्मानियाला १८५३ मध्ये. उरला तो पश्चिम किनारा. तिथली स्वान नदीवरची वसाहत १८२९ मध्ये मोठ्या अभिमानानं ‘कैद्यांशिवाय’ सुरू झाली होती. वीस वर्षांत अभिमान जिरला. जमीन अफाट, राबायला माणूस नाही. रस्ते नाहीत, पूल नाहीत, धक्के नाहीत. शेवटी जमीनदारांनीच सरकारकडे कैदी मागितले. १ जून १८५० रोजी ‘सिंडियन’ हे पहिलं जहाज फ्रीमँटलला लागलं. पुढच्या अठरा वर्षांत ९,७०० च्या आसपास कैदी तिथे उतरले. सगळे पुरुष. बायका पाठवू नका, ही वसाहतवाल्यांची अट.

‘एडविन फॉक्स’ २६ ऑगस्ट १८५८ रोजी प्लिमथहून निघालं. २८० कैदी आणि ८२ प्रवासी. अशा जहाजांवरचे प्रवासी म्हणजे बहुतेक निवृत्त सैनिक आणि त्यांची बायकापोरं. पेन्शनीतले हे शिपाई वाटेत पहारा करायचे आणि पोचल्यावर त्यांना तिथे थोडी जमीन मिळायची. ज्याच्यावर बंदूक रोखायची त्याच्याच शेजारी उद्या घर बांधायचं.

कैद्यांची जागा मधल्या मजल्यावर, वरच्या फळीच्या खाली. दोन मजल्यांमधलं अंतर जेमतेम माणूस ताठ उभा राहील इतकं. दोन्ही बाजूंना लाकडी फळ्यांचे दुमजली माचे, एकेका माच्यावर तीन-चार जण खेटून झोपणार. पुढे आणि मागे जाड फळ्यांचा आडवा भक्कम पडदा, त्यावर कुऱ्हाड चालू नये म्हणून खिळ्यांची दाट जाळी, आणि मधे एक अरुंद दार, एका वेळी एकच माणूस जाईल असं. वर जाण्याच्या तोंडाला लोखंडी गज. वाऱ्याची झुळूक आणि उजेड यायचा तो त्याच तोंडातून, आणि वादळात तेच तोंड बंद करावं लागायचं. विषुववृत्ताजवळ वारा पडला की सागाच्या फटींतलं डांबर उन्हानं पातळ व्हायचं आणि खाली झोपलेल्यांच्या अंगावर ठिबकायचं, असं या प्रवासांच्या वर्णनांत पुन्हा पुन्हा येतं.

तरीही १८५८ सालची अशी खेप ही १७९० सालच्या खेपेसारखी मरणयात्रा नव्हती. १७९० मध्ये ऑस्ट्रेलियाला गेलेल्या दुसऱ्या ताफ्यातले सुमारे चौथा हिस्सा कैदी समुद्रातच मेले होते. ठेकेदाराला जहाजावर चढवलेल्या डोक्यामागे पैसे मिळायचे. माणूस पोचला काय, मेला काय, त्याचं नुकसान नाही. उलट मेला तर त्याचं अन्न वाचायचं. ही लाज झाकता येईना तेव्हा सरकारनं पैसे देण्याची पद्धत बदलली आणि १८१५ नंतर प्रत्येक जहाजावर आरमाराचा एक डॉक्टर नेमला. कैद्यांच्या बाबतीत कप्तानापेक्षाही त्याचा शब्द चालायचा. तो फळ्या रोज घासून घ्यायचा, बिछाने उन्हात टाकायला लावायचा, स्कर्व्ही होऊ नये म्हणून लिंबाचा रस डोळ्यांदेखत प्यायला लावायचा. शाळा भरायची, अक्षरओळख नसलेल्यांना वाचायला शिकवलं जायचं. माणूस जिवंत आणि कामाला लायक पोचला पाहिजे, हा व्यवहार आता सगळ्यांच्या फायद्याचा होता. माणुसकी आली ती बरीचशी पावतीच्या मागोमाग, हे कबूल करावं लागतं.

त्या वर्षी कैद्यांची अशी रवानगी आपल्याकडेही चालू होती. १० मार्च १८५८ रोजी ‘सेमिरामिस’ ही वाफेची बोट कलकत्त्याहून दोनशे बंदिवान घेऊन अंदमानात पोचली होती आणि आपण ज्याला काळं पाणी म्हणतो त्याची सुरुवात झाली. ती पद्धतही आधीपासून होती. मुंबई इलाख्यातले कैदी मॉरिशसला आणि सिंगापूरला जातच होते. इंग्लंडातला चोर ऑस्ट्रेलियाला, हिंदुस्थानातला बंडखोर अंदमानाला, वहिवाट एकच. ‘एडविन फॉक्स’ दक्षिणेच्या समुद्रात असताना, १ नोव्हेंबरला, अलाहाबादेत राणीचा जाहीरनामा वाचला गेला आणि कंपनीचं राज्य संपलं. जहाजावर कोणाला हे कळायचं कारण नव्हतं. त्यांच्या बाजूनं तेव्हा दक्षिण गोलार्धातले जोरदार पश्चिमी वारे वाहत होते आणि सालकियाचा तो बैल आयुष्यातल्या त्याच्या मानानं बऱ्यापैकी वेगानं धावत होता.

२० नोव्हेंबरला, ८६ व्या दिवशी, फ्रीमँटल आलं. तिथे आडोशाचं बंदर नव्हतं. जहाजं बाहेर नांगरून लहान होड्यांतून माणसं काठावर आणावी लागत. वाळूतून चालत कैदी चुनखडीच्या पांढऱ्या तुरुंगात गेले. तो तुरुंग त्यांच्या आधी आलेल्या कैद्यांनीच, तिथल्याच टेकडीचा दगड फोडून, बांधत आणला होता. वागणूक चांगली असेल तर काही काळानं परवान्यावर बाहेर मजुरी करता यायची. परतीचं भाडं ज्याचं त्यानं बघायचं. बहुतेकांना ते कधी जमलं नाही, आणि पश्चिम ऑस्ट्रेलियातले कितीतरी रस्ते, पूल आणि सरकारी इमारती याच न परतलेल्या माणसांच्या हातच्या आहेत. ‘एडविन फॉक्स’नं मात्र सुतारकाम उखडलं, नवा माल पाहिला आणि ते निघून गेलं. पुन्हा कधी त्यानं कैदी नेले नाहीत. एका जहाजाच्या शंभर वर्षांच्या कामातले ते ८६ दिवस.

१८६२ मध्ये डनबर वारला, त्याचा अवाढव्य ताफा विकला गेला. पुढची दहा वर्षं जहाज हिंदुस्थानच्या फेऱ्या करत होतं आणि नेत काय होतं, तर बिअर. १८५७ च्या धक्क्यानंतर इथल्या गोऱ्या पलटणींची संख्या वाढवली होती. पुणे-खडकीपासून मेरठपर्यंतच्या छावण्यांत बसलेल्या त्या शिपायांना इंग्लंडची फिकट बिअर हवी असायची, आणि ती पिंपांतून केपला वळसा घालून यायची. १८६७ मध्ये मालकांनी शिडांची रचना बदलली, कमी खलाशांत चालेल अशी. बैल म्हातारा होत होता, वैरणीवरचा खर्च कमी करायला हवा होता. दोन वर्षांनी सुएझचा कालवा उघडला. कालव्यातून वाफेची बोट सरळ जायची. शिडाच्या जहाजाला लाल समुद्रातले वारे मानवत नसत, त्याला आफ्रिकेला वळसा घालून यावं लागायचं. हिंदुस्थानचा व्यापार हळूहळू हातातून गेला.

मग न्यूझीलंड. तिथल्या ज्युलियस व्होगेल या मंत्र्यानं १८७० मध्ये कर्ज काढून रेल्वे, रस्ते बांधायची आणि त्यासाठी ब्रिटनमधून माणसं आणायची मोठी योजना मांडली होती. तिकिटाचा खर्च सरकारचा. १८७३ ते १८८० मध्ये ‘एडविन फॉक्स’नं चार खेपांत ७५१ वसाहतकरी नेले. पहिलीच खेप वाईट निघाली. लंडन सोडल्यावर थोड्याच दिवसांत वादळानं गाठलं, जहाजावरचा डॉक्टर मारला गेला, पाणी उपसायला प्रवाशांना पंपांवर उभं राहावं लागलं आणि शेवटी एका वाफेच्या बोटीनं त्यांना ओढत फ्रान्सच्या ब्रेस्ट बंदरात नेलं. डागडुजी होऊन ते न्यूझीलंडातल्या लिटल्टनला पोचायला जून उजाडला. जिथे कैद्यांचे माचे होते त्याच मधल्या मजल्यावर आता कुटुंबं झोपत होती. माच्यांची रचनाही फारशी वेगळी नव्हती.

फेब्रुवारी १८८२ मध्ये न्यूझीलंडच्या पोर्ट चामर्सहून ‘डनेडिन’ नावाचं जहाज गोठवलेलं मांस घेऊन इंग्लंडला निघालं आणि माल न सडता पोचलं. तोवर न्यूझीलंडात मेंढ्या होत्या पण मांसाला गिऱ्हाईक नव्हतं. आता एकदम हवी होती ती बर्फघरं. किनाऱ्यावर ती बांधायला वेळ आणि पैसा लागणार, तेव्हा जुन्या जहाजांच्या पोटात यंत्रं बसवली गेली. ‘एडविन फॉक्स’ १८८५ मध्ये या कामाला आलं. आतल्या सागाच्या तुळया-फळ्या कापून यंत्रांना जागा केली. दिवसाला ५०० मेंढ्या गोठवायच्या, २०,००० साठवून ठेवायच्या. बंदरं बदलत १८९७ मध्ये त्याला पिक्टनला आणलं आणि ते पुन्हा खुल्या समुद्रात गेलं नाही. काठावर पक्का कारखाना उभा राहिल्यावर मांसाचंही काम गेलं. काही काळ कामगार त्यात राहत, मग कोळशाची वखार झाली. कूस फोडून कोळसा आत-बाहेर करायला वाट काढली गेली. १९५० पर्यंत ते चाललं. त्यानंतर कोणालाच त्याची गरज उरली नाही.

१९६५ मध्ये पिक्टनच्या काही हौशी मंडळींनी संस्था काढून ते विकत घेतलं. किंमत एक शिलिंग, फुकट दिलं तर व्यवहार कायदेशीर होत नाही म्हणून. दोन वर्षांनी जवळच्या शेक्सपिअर खाडीत नेऊन ठेवलं, कारण बंदरात ते नकोसं झालं होतं. तिथे जवळजवळ वीस वर्षं ते उथळ पाण्यात कललेलं पडून राहिलं. गावातली पोरं त्यात खेळायची, लोक आठवण म्हणून लाकडाचा तुकडा, तांब्याचा पत्रा काढून न्यायचे. संस्थेकडे पैसे नव्हते, पण चिकाटी होती. १९८६ मध्ये साफसफाई करून, भोकं बुजवून, त्याला पुन्हा तरंगवलं. आत जमलेला चिखल आणि कोळसा काढल्यावर ते भरतीला उचललं गेलं! १९९९ मध्ये पिक्टनच्या कोरड्या गोदीत नेऊन टेकवलं, वर छप्पर घातलं. पुन्हा डोलकाठ्या उभ्या करून ते नवंकोरं दिसेल असं करायचा मोह संस्थेनं टाळला. त्यात जुनं फारसं उरलं नसतं. आहे तसंच राखायचं ठरलं. ऑस्ट्रेलियाला कैदी नेलेल्या शेकडो जहाजांपैकी शाबूत राहिलेलं हे एकच.

वेलिंग्टनहून येणारी फेरीबोट पिक्टनला लागते तिथून गोदी चालत काही मिनिटांवर आहे. जिना उतरून जहाजाच्या खाली जाता येतं. डोक्यावर सागाचं ते मोठं पोट, आणि त्यावर कीड लागू नये म्हणून ठोकलेले पिवळ्या धातूचे पत्रे, हिरवट काळे पडलेले, एकावर एक चढवलेले, मासळीच्या खवल्यांसारखे. काही ठिकाणी पत्रा नाही, नुसत्या खिळ्यांच्या ओळी आहेत. तो पत्रा पिक्टनच्या कुठल्यातरी घरात, शोकेसमध्ये असेल.